काडेपेटीतली पिवळी बुरशी

भोरच्या एस.टी.च्या रांगेत एका धनगरणीनं पुढच्या बाईंच्या हातात काडेपेटी ठेवली.

“वैनी, मास्तरांना द्या. कुजक्या ओंडक्यावरची पिवळी बुरशी हाये.”

“मास्तर गेले, कोंडाबाई. श्रावणात.”

“आमी मेंढरं घेऊन लांब व्हतो. न्हाई कळलं.”

“घरात अशा चाळीस पेट्या आहेत. तुम्ही आणायचात, ते भिंगातून बघून, ओळखून वर नाव लिहायचे. ही आता बिननावाचीच राहील.”

“म्या सावलीत वाळवलीया. पर मेली न्हाई ती. पानी शिंपडलं की परत गोगलगाईवानी हळूहळू सरकाय लागती, मास्तरांनी दावलं व्हतं.”

“मला नाही कधी दाखवलं.”

“तुमी इचारलं नसंल.”

“नाही विचारलं. घरात घाण आणता, एवढंच म्हणायचे मी.”

“असू द्या, वैनी.”

“किती पाणी शिंपडायचं, कोंडाबाई?”