पॅरिसचा कळस

हसायचं असेल तर आत्ताच हसून घ्या. आपला सचिन पुण्याच्या पुढं कधी गेलेला नाही, आणि त्यानं पॅरिसवर शॉर्ट फिल्म केली. प्रायोगिक म्हणे! ना माणूस, ना गोष्ट. नुसतं धुकं, पाण्यात हलणारे दिवे आणि शेवटी धुक्यातून हळूहळू वर येणारं त्या टॉवरचं टोक. त्याच्या घरी भिंतीवर लावली, तेव्हा आम्ही टिंगल करायच्या तयारीनंच बसलो होतो. पण ते टोक दिसलं आणि सगळे पुढं सरकून बघायला लागलो. केम गावाहून आलेल्या त्याच्या आत्यानं तर डोक्यावर पदर घेऊन हात जोडले.

मी म्हटलं, "आत्या, देऊळ नाही ते, पॅरिस आहे."

"आसू दे की. कळस दिसला, दर्शन झालं."

सचिनला राहवेना. "आत्या, तळ्यापलीकडचा मोबाइलचा टॉवर हाय त्यो. मी कुटं बगितलंय पॅरिस?"

आत्याचे हात जोडलेलेच. "येड्या, कळस लांबनंच बगायचा आसतो. जवळ जाऊन पत्रा हाय का सोनं, बगतंय व्हय कुनी?"

परवा गाडीवरनं त्याच टॉवरखालून चाललो होतो. हात आपोआप छातीला गेला बे!