हात तसेच ठेव

(बातमीवाल्यांच्या कचेरीतली संकलनाची खोली. पडद्यावर एक बाई बोलते आहे. तिचा चेहरा धूसर केलेला. पडद्यासमोर तीच बाई बसली आहे, शेजारी तिची संकलक लेक.)

आई : थांब, मागे घे. तिथं मी वाकले आणि नाक दिसलं.

लेक : दिसलं खरं. तू मान वळवलीस की मशीन चेहरा सोडून देतं. बघ, तो धूसर ठिपका घसरून मागच्या किटलीवर जाऊन बसला.

आई : वा! किटलीची अब्रू झाकली, माझी टाकली उघड्यावर.

लेक : हसतेस काय? मुकादमानं ओळखलं तर उद्या कारखान्याच्या फाटकातूनच परत पाठवेल तुला. थांब, हातानंच बसवते, एकेक चित्र थांबवून.

आई : आणि आवाज? पार तुझ्या काकासारखा केलायस.

लेक : तो बदलावाच लागतो. झालं नाक. आता हात झाकते.

आई : हात कशाला?

लेक : डाग आहेत ना, वाफेचे. चेहरा झाकून काय उपयोग? कुणीही सांगेल, हे हात कुणाचे.

आई : कोण सांगेल? आमच्या इस्त्रीखात्यात एकीचा तरी हात कोरा दाखव. काम भरभर उरकावं म्हणून इस्त्रीच्या मशीनवरच्या हात वाचवणाऱ्या जाळ्या कारखान्यानं काढल्या, तेव्हापासून सगळ्यांचे असेच. तेच सांगायला बसले ना मी कॅमेऱ्यापुढं? हात पुसलेस तर उरलं काय? काकाचा आवाज!

लेक : बरं बाई, राहू देते. पण ही वाकडी करंगळी? अशी दुसऱ्या कुणाची नाही.

आई : ती झाक. ती लहानपणी झाडावरून पडले तेव्हाची. कारखान्याच्या माथी कशाला मारू?

लेक : झाकली. आता सलग बघ. नाक?

आई : नाही दिसत.

लेक : करंगळी?

आई : गेली. हात तेवढे आहेत.

लेक : आणि तू काय बोलतेयस ते आहे. एकदाही अडखळली नाहीस, आई. मला कापायला काही ठेवलंच नाहीस.

आई : तू तरी काय कमी? मी स्वतः बघतेय, तरी मला मी सापडत नाही.

लेक : आज बातमी लागली की सगळे विचारतील, कोण ही बाई, एवढं ठणकावून बोलली?

आई : विचारू देत. उद्या खात्यात सगळ्यांच्या आधी मीच विचारणार आहे.