शेवटचं गाणं, दुसऱ्यांदा

...नाही, नाही, बसा. तीन जिने चढून आलात ना, मग आता ऐकूनच जा. भाऊ घरी नाही. लिफ्ट दुरुस्तीला जातो तो, साडेपाचला येतो — आणि तो यायच्या आत तुम्ही इथून गेलेले असायला हवे, हे आत्ताच सांगून ठेवते. गिटार? ती कधीच देऊन टाकली त्यानं. आणि हो, तुम्ही कोण ते मला कळलं नाही असं समजू नका. दारात नाव सांगितलंत तेव्हाच कळलं. मी चौथी शिकलेली बाई, पण तुमचं नाव अठरा वर्षं पाठ आहे मला. केस पिकलेत, एवढाच काय तो फरक. पेपरातल्या फोटोत काळे होते. माझ्या भावाच्या नि त्याच्या दोस्तांच्या अल्बमवर लिहिणारे तेच ना तुम्ही? ‘गंजलेला जिना’. दहा गाणी होती त्यात, आणि तुम्ही लिहिल्यात अकरा ओळी. एका गाण्याला धड दीड ओळसुद्धा आली नाही वाट्याला!

मी वाचल्या ना त्या. शब्दाखाली बोट ठेवून वाचल्या, माझं वाचणं तसलंच आहे. नऊ गाण्यांना तुम्ही म्हणालात ‘ठीक’. ठीक! मी शिवलेल्या उशीच्या खोळीला गिऱ्हाईक ठीक म्हणतं. आणि उरलेल्या सगळ्या ओळी शेवटच्या गाण्यावर. काय लिहिलं होतंत, आठवतं? नाही आठवत? मी सांगते. ‘शेवटच्या गाण्यामागे पहिल्यापासून एक घरघर ऐकू येते. ज्यांना आपल्या खोलीतला आवाज बंद करता येत नाही, त्यांनी जगाला आवाज ऐकवायला निघू नये.’ असं. शब्दन् शब्द. ढोलवाला तर हसला वाचून, म्हणाला, ताई, बरं झालं, त्या गाण्यात मी नव्हतो. मेल्याला हसू कसं आलं, देव जाणे.

ती घरघर आईच्या मशीनची होती, साहेब. ऑक्सिजनचं मशीन, तिच्या खाटेशी चोवीस तास चालायचं. बाकीची नऊ गाणी त्यांनी भाड्याच्या स्टुडिओत केली, दहाव्याला स्टुडिओची वेळ संपली. म्हणून ते इथं केलं — याच खोलीत, तुम्ही बसलात तिथं माइक होता. नुसती गिटार आणि भावाचा गळा. मी पंखा बंद केला, फ्रिज बंद केला, माझं शिवणाचं मशीन बंद ठेवलं. पण आईचं कसं बंद करणार? ते राहिलं. तो म्हणाला, ताई, राहू दे, बरं वाटतंय उलट, आई गाण्यात असल्यासारखं. आणि मग तुम्ही लिहिलंत.

तीन दिवस जेवला नाही. रडला असता तर परवडलं असतं, हा नुसता भिंतीकडे बघत बसलेला. कंपनीवाल्यानं निरोप पाठवला — आठ दिवसांत ते गाणं स्वच्छ करून द्या, दुसऱ्या खेपेच्या सीडीत घालतो. हा म्हणाला, नको. मी म्हटलं, नको कसं? कोण कुठला शहाणा चार शब्द खरडणार आणि तू तोंड लपवणार? वाजव! मी म्हटलं. मीच म्हटलं. तो म्हणाला, आणि मशीन? मी म्हटलं, मी आहे ना, आईला मशीनसकट मागच्या खोलीत नेते, गाद्या लावते दाराला, काही ऐकू येणार नाही तुला.

गाद्या लावल्या, तरी येत होतं ऐकू. फरशीतून यायचं.

...पाणी हवंय? नको? मग मानेनं काय खुणावताय... बंद केलं, हो. मीच केलं. त्याला नाही सांगितलं, त्याला वाटलं गाद्यांनीच आवाज गेला. डॉक्टर म्हणाले होते, पंधरा मिनिटं काढू शकतात त्या मशीनशिवाय, संडासाला वगैरे न्यायला. गाणं सहा मिनिटांचं. आई स्वतः म्हणाली, बंद कर गं, पोराचं होऊ दे. पण पहिल्यांदा तो शब्द चुकला. दुसऱ्यांदा तार तुटली, ती लावण्यात वेळ गेला. मध्ये मशीन चालू करावं तर घरघर सुरू होणार, त्याला कळणार की आत्तापर्यंत बंद होतं, आणि मग हा गिटार उचलायचाच नाही पुन्हा. म्हटलं, आता होईल, आता होईल. तिसऱ्यांदा झालं. दार उघडून हसत आला, ताई, एकदम स्वच्छ! मी आत पळाले. आधी बटण दाबलं, मग आईकडे बघितलं. या क्रमानं, साहेब. तो खोलीत आला तेव्हा मशीन चालू होतं.

झोपेत गेली. आम्ही सगळ्यांना हेच सांगितलं.

आणि दुसरी खेप निघाल्यावर तुम्ही पुन्हा लिहिलंत, या वेळी दोनच ओळी. ‘गाणं स्वच्छ झालं आहे. जीव मात्र गेला आहे.’ तुमच्या घरी कुणी मेलं असेल तर तुम्हाला कळेल. त्यानंतर त्यानं गिटार देऊन टाकली, तोंडून सूर नाही काढला आजवर. ते तुमच्या नावावर लिहिलंय मी. अठरा वर्षं शिव्या घालतेय तुम्हाला, भांडी घासताना, धागा ओवताना. आणि आता तुम्ही येता, म्हणता चूक झाली माझी, म्हणता पोरं फोनवर ऐकतात हे गाणं, त्यावर लेख लिहायचाय, आणि त्यातलं शेवटचं ते वाद्य कुठलं—

कुठलं वाद्य? गिटारीशिवाय काही नव्हतं त्यात. टणटण? कसली टणटण? नाही हो, काहीतरीच. मी ऐकलंय ते गाणं... नाही, पुरतं नाही ऐकलं, सीडी लावायचा धीर झाला नाही कधी. हेडफोन? द्या इकडे. कसं लावायचं हे, असं?

...

परत लावा.

...

चमचा आहे तो. पेल्यावर. मीच दिला होता तिच्या हातात. म्हटलं, जीव घाबरला तर वाजव, मी दारातच आहे. मी दारात नव्हते. खालची बाई तणतणत वर येत होती, नळाचं पाणी सांडलं म्हणून, ती घंटा दाबेल आणि गाणं बिघडेल म्हणून मी अर्धा जिना उतरून तिला अडवत होते. अठरा वर्षं मी म्हणते, आईनं वाजवलाच नाही, वाजवला असता तर मी धावले असते. किती वेळा वाजवलाय? तुम्ही मोजला असेल, तुम्हाला सवय आहे. नऊ?

आणि लोकांना हेच आवडतं म्हणालात.

थांबा. त्यानं पाठवायच्या आधी ऐकलं होतं. तुमच्या दोन ओळी यायच्या कितीतरी आधी. इथंच बसून, कानाला लावून, एकदाच. मग सीडी माझ्या हातात दिली, म्हणाला, तूच टाक पोस्टात. लिफ्टच्या दाराला कान लावून आत कुठला खिळा झिजलाय ते सांगतो तो, साहेब. घरघर नाही आणि चमचा आहे... त्याला कळलं नसेल? रोज माझ्यासमोर बसून जेवतो. रोज. अजून वाढू का विचारलं की मान हलवतो. एका शब्दानं कधी...

उठा. घ्या हे तुमचं. काय छापायचं ते छापा, छापू नका, मला काही— हळू, जिन्यात पाऊल वाजलं. त्याचंच आहे. तुम्ही काही बोलायचं नाही, एक अक्षर नाही.

आलास? हात धू, चहा टाकते. हे? हे कुणी नाहीत रे, निघालेत.