पुलावरचा राक्षस आणि हिचं डावं बोट

नाही, पण मला एक सांगा, ढाल जरा लवकर उचलली म्हणून माणसाला इतकं बोलायचं? आं? एकतीस वर्षं बस चालवली मी, एकतीस! समोर काही दिसलं की आधी ब्रेकवर पाय आणि मग विचार, हे हाडात भिनलंय माझ्या, आणि ही आमची सोफ्यावर पाय सोडून बसून मला म्हणते, "अहो, तो अजून हात वर करतोय, तुम्ही आत्तापासून काय ढाल धरून बसलात?" म्हटलं, अगं, हात वर केलाय म्हणजे मारणारच ना तो? "मग मारू दे ना! मारताना धरायची! आधीपासून धरली की ढाल दमते!" आता ढाल दमते हे मला कुठल्या डेपोत शिकवलं होतं, सांगा! तोवर तिकडे धप्प... आमचा हिरो पुलावरून थेट नदीत. पडदा काळा. आणि बोलणी कुणाला? तर मला!

थांबा, पहिल्यापासून सांगतो, नाहीतर तुम्ही म्हणाल ही दोन म्हातारी माणसं भर सकाळी कुठल्या नदीत पडताहेत. तर, चार महिन्यांपूर्वी हिला झटका आला. अर्धांगाचा. पाय लवकर सुधारला, बोलणं आठ दिवसांत जागेवर आलं, पण डावा हात... तो काही ऐकेना. मांडीवर ठेवला की ठेवलेला. आणि ही कोण? चाळीस वर्षं कपडे शिवणारी बाई! लोकांना वाटतं शिवणारीचं सगळं काम उजव्या हातात. छे हो! मशीनखाली कापड वळवतो, सरकवतो, आवरतो तो डावा. मी बघितलंय ना रोज. फिजिओथेरपिस्ट बाई यायच्या, गोड बोलायच्या, "काकू, हा चेंडू दाबा बरं, छान दाबा, अजून थोडा..." त्यांचा जिना उतरून होईपर्यंत हिनं चेंडू सोफ्याखाली लोटलेला असायचा. मग मी पोटावर पडून, काठीनं तो बाहेर काढायचा.

ते एक वेळ चाललं असतं. पण ही गप्प झाली, तुम्हाला सांगतो. तीन महिने मला एका शब्दानं बोलली नाही! भाजीत मीठ विसरलो, तर म्हणाली, "चालेल." उलटा सदरा घालून बाहेर निघालो, तर नुसतं बघितलं. शेवटी काय केलं मी, हिची कापडाची कात्री घेतली, कापडाची बरं का, जिला या घरात हात लावायची कुणाची छाती नाही, ती घेतली आणि हिच्या डोळ्यांदेखत दुधाची पिशवी कापली. मुद्दाम! म्हटलं आता तरी पेटेल. तर ही म्हणाली, "असू दे." असू दे! घाबरलो हो मी. तोवर कधी घाबरलो नव्हतो, दवाखान्यातसुद्धा नाही, पण त्या 'असू दे'ला घाबरलो.

आणि त्यात आला हा गेम. म्हणजे झालं असं, नातीची परीक्षा. लेकीनं नातीचा तो टीव्हीवर खेळायचा डबा वायरींसकट उचलला आणि आमच्याकडे आणून टाकला. "आई, परीक्षा होईपर्यंत हा तुझ्याकडे. ती मागायला आली तरी द्यायचा नाही." नात आलीच मागनं. पण तिनं डबा मागितला नाही, सरळ आमच्याच टीव्हीला जोडला आणि आजीच्या मांडीवर ते दोन दांड्यांचं रिमोट ठेवलं. "आजी, तू नुसता उजवा हात चालव. आजोबा डावा चालवतील." मी म्हटलं, अगं बाई, मी? "आजोबा, तुम्ही बस चालवायचात ना? मग सोप्पंय!"

सोप्पंय म्हणे!

मोठा मुलूख आहे त्यात, डोंगर, नद्या, पडके किल्ले, कुठंही जा, कुणी अडवत नाही. आमचा हिरो म्हणजे एक फाटक्या झग्यातला इसम. त्याला चालवणं माझ्याकडे, तलवार हिच्याकडे. आणि वरच्या बाजूला डावीकडे एक बटण, ते ढालीचं. फिजिओ बाईंनी बघितलं आणि टाळीच वाजवली. "काका, काकूंचं बोट त्या बटणावर राहू द्या. तुमचं बोट त्यांच्या बोटावर. तुम्ही दाबलं की त्यांचंही दाबलं जाईल. बोटाला आठवण होते हो!" बोटाला आठवण! बरं म्हटलं. हिचं बोट खाली, माझं वर, आणि निघाली आमची गाडी.

आता मी चालवणार म्हणजे कसा चालवणार? कडेकडेनं! वळणावर सावकाश! पाटी दिसली की थांबायचं! ही म्हणते, "इथं का थांबलात?" म्हटलं, पाटी आहे. "अहो, इथं कोण चढणारंय?" बघा! तीन महिन्यांत पहिल्यांदा 'अहो' इतक्या वरच्या पट्टीत आलं. मी तिकडे तोंड करून हसलो आणि पुढच्या पाटीलाही थांबलो. आणि बोलणी कुणाला? मला, मला! चला म्हटलं, सुरुवात झाली.

तर खेळ सुरू होऊन जेमतेम दहा मिनिटं, आणि आला तो पूल. पुलावर हा राक्षस. ताडमाड! आमचा हिरो त्याच्या गुडघ्याला. हातात हातोडा, अंगात लांब कोट, आणि तो काही बोलत नाही, नुसता उभा. आम्ही गेलो, त्यानं हातोडा घातला, आम्ही नदीत. पुन्हा गेलो, पुन्हा नदीत. पहिल्या दिवशी अकरा वेळा. नातीला फोन केला तर ती तिकडून हसतेय, "आजोबा, त्याला सुरुवातीला कुणीच नाही मारत! खालून नदी ओलांडायची आणि पुढे जायचं. खूप ताकद आली की मग परत यायचं. सगळे असंच करतात!" मला पटलं लगेच. रस्ता बंद असला की वळसा घ्यायचा, प्रवाशांना पोचवायचं, त्यात अपमान कसला? पण ही! ही म्हणाली, "शिवण चुकली तर मी उसवून पुन्हा घालते. चुकलेली तशीच ठेवून पुढची बाही लावत नाही. इथंच उभं राहायचं."

झालं. राहिलो उभे. तीन आठवडे! रोज सकाळी दहाला फिजिओ बाई गेल्या की आम्ही पुलावर, जेवणापर्यंत. आणि माझा घोटाळा एकच, पाय असो की बोट, मी झटक्यात दाबूच शकत नाही हो! हळूहळू दाबतो. गाडीत माणसं उभी असतात, म्हाताऱ्या बायका असतात, कडेवर मुलं असतात, कचकन ब्रेक दाबला तर पडतील ना सगळी? "अहो, दाबा! दाबा!" "दाबतोय गं..." "दाबतोय काय, मेलो आपण!" आणि पुन्हा नदीत. आणि बोलणी कुणाला?

आणि तो राक्षसही एक नंबरचा लबाड. हात वर करणार, आम्ही ढाल धरणार, तो हात तसाच ठेवणार, आम्ही ढाल खाली घेतली की मग घालणार! कधी नुसतीच हूल. कळायचं कसं? मला तर एकतीस वर्षांत असा बेशिस्त माणूस रस्त्यावर भेटला नाही. पण ही बघत बसायची. खेळायचं सोडून नुसतं बघायची त्याच्याकडे, मान तिरकी करून, जशी गिऱ्हाइकाकडे बघायची. एके दिवशी म्हणाली, "कोट कुणी शिवलाय याचा?" म्हटलं, अगं, कॉम्प्युटरनं. "ज्यानं कुणी शिवलाय त्यानं मुंढ्यात, बाही जोडतात तिथं, कमी कापड सोडलंय. बघा, हूल देतो तेव्हा नुसता कोपरातून हात उचलतो. खरं मारायचं असलं की खांदा फिरतो, आणि खांदा फिरला की काखेत ओढतं. ते बघा, चुणी पडली! आता मारणार!" आणि धाडकन हातोडा! मी तर हात जोडले, तुम्हाला सांगतो. जगात किती लोक तो गेम खेळले असतील, पण राक्षसाच्या काखेतली चुणी बघणारी ही एकटीच असणार!

मग ठरलं, तिनं 'ओढलं!' म्हणायचं, मी दाबायचं. "ओढलं!" आणि ठण्ण! ढालीवर हातोडा आपटला की असा आवाज येतो, राक्षस मागे झोकांडतो आणि तेवढ्यात हिनं तलवार घालायची. असं सात वेळा जमलं की तो पडणार. आमची मजल तीनपर्यंत गेली, मग चार. पाचव्याला माझी माणसं उभी असायचीच! "तुमची बस रिकामी करा आधी!" म्हणायची. म्हणू दे. मला काय वाटायचं ते सांगतो. माझ्या बोटाखाली तिचं बोट असायचं. गार असायचं. सदतीस वर्षांच्या संसारात आम्ही इतका वेळ हातात हात घेऊन कधी बसलो नव्हतो. मी ड्यूटीवर, ही मशीनवर, बसणार कधी? आता रोज दोन तास. बाई म्हणाल्या होत्या बोटाला आठवण होते, आणि मी रोज त्या बोटाला मनात म्हणायचो, आठव रे बाबा. आठव. हिच्याकडे अजून कितीतरी कापड पडून आहे.

तर गेल्या मंगळवारी आम्ही पुलावर, गॅसवर दूध. एक ठण्ण, दोन ठण्ण, तीन, आणि मला वास आला. म्हटलं, थांब, दूध! आता तो राक्षस दुधासाठी थांबणारंय का? पण मी सवयीनं उठलो, पळत आत गेलो, गॅसच्या बटणाला हात घातला, आणि मागून ऐकू आलं...

ठण्ण!

मी तसाच उभा. म्हटलं, हे कुणी दाबलं? घरात तिसरं माणूस नाही. माझी दहाही बोटं इथं, माझ्या डोळ्यांसमोर. गॅस बंद करायचं राहून गेलं. तर पुन्हा, "ओढलं," ती म्हणाली, हळूच, स्वतःशीच. ठण्ण! पाच झाले. मला पळत बाहेर जावंसं वाटत होतं, पण गेलो नाही. वाटलं, मी गेलो आणि तिच्या लक्षात आलं की दाबणारी तीच आहे, तर घाबरून थांबेल. दाराआड भिंतीला टेकलो. सहा... हुलीमागून हूल येत असणार, कारण ती किती वेळ काही बोलेना. मी श्वास धरून. एवढा श्वास मी घाटात ब्रेक तापले होते तेव्हाही धरला नव्हता. "ओढलं!" ठण्ण! आणि मग तो पडल्याचा असा आवाज आला की खिडकीच्या काचा थरथरल्या.

बाहेर आलो. ती पडद्याकडे बघतच नव्हती. राक्षस पडलाय, सोन्यासारखं काहीतरी उडतंय, संगीत वाजतंय, आणि ही आपल्या डाव्या बोटाकडे बघतेय. ते वाकवतेय. सरळ करतेय. पुन्हा वाकवतेय. मला म्हणाली, "अहो... हे माझं आहे." बस, एवढंच. मी तिथंच खाली बसलो, सोफ्यापाशी जमिनीवर, आणि रडलो. लपवायचं काय त्यात? ती पण रडली. बरंच रडलो आम्ही. मग तिनं नाक पुसलं, हवेत वास घेतला, आणि म्हणाली, "दूध बंद करायला गेला होतात ना? मग केलंत काय तिथं?" सगळं दूध ओट्यावरून खाली, जमिनीवर, कपाटाखाली! आणि बोलणी कुणाला, हे काय आता विचारायचं?

आता खरं सांगतो, आनंद झाला तसं थोडं वाईटही वाटलं. माझं काम गेलं ना! दुसऱ्या दिवशी आम्ही पूल ओलांडून पुढे निघालो. मी आपला शेजारी बसलो आणि सवयीनं माझं बोट नेऊन ठेवलं तिच्या बोटावर. तर चट्! चापट मारली हो हिनं माझ्या हातावर! "काढा ते! मध्ये मध्ये येतं!" मी हात चोळत बसलो, आणि मग डोक्यात प्रकाश पडला. उजव्या हातात तर रिमोट होतं. मारली कुठल्या हातानं? डाव्या! सगळाच्या सगळा हात उचलून, खांद्यातून फिरवून!

धावत जाऊन फिजिओ बाईंना फोन लावला. म्हटलं, बाई, हिनं मला मारलं! त्या म्हणाल्या, "कुठल्या हातानं?" म्हटलं, डाव्या! "काय सांगता! किती जोरात?" म्हटलं, लाल झालंय. "बोटं उमटलीत का? किती?" मी उजेडात हात धरून बघितलं. म्हटलं, चार. अंगठा नाही उमटला. तर बाई खूश होऊन म्हणाल्या, "वा, वा, काका! फारच छान! मग आता असं करा, हाच व्यायाम ठेवू. सकाळी दहा चापट्या, संध्याकाळी दहा. अंगठा उमटेपर्यंत."

तेव्हापासून रोज दोन वेळा मी हात पुढे करून बसतो. आणि मोजताना हुंदका आला म्हणून आकडा चुकला, तर ही म्हणते, पुन्हा पहिल्यापासून.