कल्याण, अच्छा?

हॅलो?… हो आई, ऊर्मीच बोलतेय. लग्न मोडलं.

…नाही, काही नाही. मी कुठं काय म्हटलं?… अगं, 'ऊन वाढलं' म्हटलं. ऊन. चेन्नईत वाढतं ते… 'मोडलं' ऐकू आलं? मग ती छत्री असेल. छत्रीची दांडी मोडली. आणि अजून ठरलंय तरी कुठं? जे ठरलंच नाही ते मोडणार कसं?… बरं, जेवलीस का?… साडेअकराच वाजलेत, हो. नसशील जेवली.

मैलापूरला आहोत. देवळाबाहेर, चपला ठेवतात ना, तिथं मी उभी आहे. दादा आत गेलाय दर्शनाला… खूश आहे. अगदी खूश आहे. त्याला काही माहीतच नाही… काय माहीत नाही म्हणजे? काहीच माहीत नाही. तो लहानपणापासून तसाच आहे.

मुलगी पण आतच आहे. गुरुमूर्तीमामा पण. वेगवेगळ्या रांगांत… अगं, तसंच ठरलं होतं ना! मामांचीच अट. कांदेपोहे नकोत, एका खोलीत बसून दोघं एकमेकांच्या पायाच्या अंगठ्याकडं बघतात, त्यातनं काय कळणार? त्यापेक्षा अर्ध्या दिवसाची टूर घ्या. आधी किल्ला, मग म्युझियम, मग देऊळ. एकाच बसमध्ये, पण अनोळखी माणसांसारखे बसा. उन्हात पाच तास माणूस कसा वागतो ते बघू. मैलापूरला कॉफी प्यायची आणि कॉफीबरोबर ओळख… हो, बँकेत होते ना. तीस वर्षं सह्या ताडून बघितल्यात त्यांनी. भाचीसाठी मुलगाही तसाच ताडून बघतायत.

किल्ल्यापर्यंत सगळं छान चाललं होतं. दादा शहाण्यासारखा वागला… म्हणजे गप्प बसला.

श्रीरंजनी ना? छान आहे गं. फोटोपेक्षा छान. फोटोत हसलीच नव्हती, इथं सारखी ओठ दाबून हसते. शाळेत चित्रकला शिकवते, आणि घरी ती तंजावरची चित्रं करते, सोन्याचा वर्ख लावलेली… खरा वर्ख. हो, तेवढं विचारलं मी. म्हणजे अनोळखी बाईनं विचारावं तसं विचारलं.

आणि ऐक ना, म्युझियममध्ये दादा पंचधातूच्या मूर्तींपुढं जाऊन उभा राहिला आणि हलेचना… नाही, फोन नाही काढला. शपथ! देवीची बोटं बघत होता. कमळ धरायला कशी वळवलीयत ती. मग त्यानं स्वतःचं बोट तसं वळवून बघितलं. मग ते तसंच अडकलं… अगं सुटलं नंतर. पण श्रीरंजनी बघत होती. तिनं लांबूनच आपलं बोट वळवून दाखवलं, असं नाही, असं. त्यानंही मग तसं केलं. दोघं बोललेच नाहीत हं, अनोळखी ना. मी तिचं तोंड पाहिलं आणि मनात म्हटलं, जमलं. अकरा स्थळं झाली, बारावं जमलं. दादाचे कानपण लाल झाले होते. याआधी एकाही स्थळाला झाले नव्हते, मी प्रत्येक वेळी बघते.

आणि मग अलमेलू मामींनी घात केला… अगं गाईड. पांढरे केस, पायांत बूट, हातात वेताची छडी. छडीच्या टोकाला लाल रिबन, म्हणजे आम्ही हरवू नये. एकदा मूर्ती दाखवली की कुणा ना कुणाला छडी दाखवून प्रश्न विचारायचाच. शाळेतल्या बाईच त्या. समोर शंकर-पार्वतीच्या लग्नाची मूर्ती होती. मामींनी छडी फिरवत फिरवत दादापुढं आणली आणि विचारलं, 'कल्याणम् आच्चा?'

…हो. तुला काय वाटलं?… बघ! तुलाही तेच वाटलं! 'कल्याण अच्छा?' दादालाही तेच वाटलं. तीन महिने झाले बिचारा इथं चेन्नईत, गिंडीच्या कारखान्यात बसलाय. कुणी त्याला घरचं विचारत नाही. आणि इथं मूर्तींच्या दालनात एक बाई अचानक विचारतायत, कल्याण चांगलं आहे का. माणसाला भरून येणारच ना?

आई, तमिळमध्ये कल्याणम् म्हणजे लग्न. आच्चा म्हणजे झालं का… हो. लग्न झालं का… हो हो, सगळीकडंच. ते जागोजागी 'कल्याण मंडपम्' लिहिलेलं असतं ना, दादाला वाटत होतं कल्याणच्या कुणीतरी शाखा काढल्यात.

काय सांगितलं म्हणजे? त्यानं मनापासून सांगितलं. 'व्हेरी गुड! व्हेरी व्हेरी गुड! बट टू मच क्राउड.'

…रडू नकोस, थांब ना, पुढं आहे. मामींनी विचारलं, 'सिन्स व्हेन?' दादा म्हणाला, 'सिन्स बर्थ.'

…नाही, तिथंच थांबला असता तर बालविवाह म्हणून लोकांनी सोडून दिलं असतं. पण दादा एकदा बोलायला लागला की… हो, बाबांसारखाच. आपणहून म्हणाला, 'टू आर देअर. ईस्ट अँड वेस्ट. वेस्ट इज मेन. बट ईस्ट ऑल्सो आय गो. एव्हरी संडे.'

विद्युमावशीकडं गं! ईस्टला मावशी राहते ना! घरी असला की दर रविवारी तिच्याकडं जेवायला जातो ना तो!… मला माहितेय. तुला माहितेय. बसमधल्या बावीस माणसांना नाही माहीत. मग म्हणाला, 'इन बिटवीन वन ब्रिज इज देअर. बट ऑल्वेज प्रॉब्लेम.' एक म्हातारे आजोबा होते बंगळूरचे, ते पुढं आले आणि दादाच्या पाठीवर हात ठेवून उभे राहिले.

मी? मला तरी कुठं कळलं होतं तेव्हा! मामींनी माझ्याकडं वळून विचारलं, 'यू?' मी म्हटलं, 'सिस्टर.' तर म्हणाल्या, 'ईस्ट साइड ऑर वेस्ट साइड?'… वेस्ट म्हटलं. आई, आपण वेस्टलाच राहतो. खोटं कशाला बोलू?

कळलं ते पुढच्या दालनात. सीतेच्या लग्नाचं चित्र होतं. मामी म्हणाल्या, 'सीता कल्याणम्. वेडिंग ऑफ सीता.' मी हातातलं पाणी संपवलं, बाटलीचं झाकण लावलं आणि दादाकडं बघितलं. दादा वाकून हळूच मला म्हणतो, 'सीता पण आपल्याकडची?'

…हसू नकोस. मघाशी रडत होतीस ते बरं होतं.

गुरुमूर्तीमामा खांबाआडून सगळं ऐकत होते. त्यानंतर बसमध्ये माझ्या मागच्या सीटवर येऊन बसले. तुला सांगितलं होतं ना मी, त्यांचं घराणं तीनशे वर्षांपूर्वी तंजावरला गेलं आणि मराठी जाताना नेलं तेच अजून वापरतायत. भाचीला म्हणत होते, 'दोन जाहलीं? आणि मधें पूल?'

…कसं माहीत असणार? बायोडेटात कल्याण होतं कुठं? बाबांनीच खोडलं ना! 'कल्याण लिहिलं की लोकांच्या डोळ्यांपुढं गर्दी येते, नुसतं जिल्हा ठाणे लिही' म्हणून! मामांच्या हिशेबी आपण ठाण्याचे आणि दादा दोन लग्नांचा… नाही, बाबांना फोन देऊ नकोस. आधी माझं ऐकून घे.

कशी सांगणार होते मी? अनोळखी होते ना आम्ही! अनोळखी माणसाला जाऊन म्हणू, काका, नमस्कार, माझ्या भावाचं लग्न झालेलं नाही? त्यांनी विचारलं कुठं होतं?… हो, दादाला सांगितलं असतं. मग त्यानं मामींच्या हातातला माइक घेऊन खुलासा केला असता. तुला चाललं असतं?

आई, थांब. मामा बाहेर आले… चपला शोधतायत… सापडल्या… माझ्याकडंच येतायत. ठेवू नकोस हं फोन. नुसतं ऐक. आणि मध्ये बोलू नकोस.

नमस्कार मामा… हो, मीच ऊर्मी. अजून कॉफी झाली नाही, पण ओळख करून घेऊ या… नाही मामा, एकही नाही… शून्य… कल्याण हे गाव आहे… गाव, गाव. ऊर म्हणता ना तुम्ही, ते… हो, गावाचं नावच तसं… नाही, आमच्याकडं लग्नाला लग्नच म्हणतात… ईस्टला मावशी असते. आईची बहीण, चौसष्ट वर्षांची… पूल खरा आहे मामा. पुलाचा प्रॉब्लेमही खरा आहे.

…आई, त्यांचा विश्वास बसत नाहीये. म्हणतात, गांवाचें नांव लग्न असें कोण ठेवील? कागद दाखवा म्हणतायत… तुझी शपथ घेऊन काय करतील ते, शिक्का लागतो त्यांना. थांब, दादाचं आधार कार्ड माझ्याच पर्समध्ये आहे… हे बघा मामा. नाव, हेरंब. वडिलांचं नाव, दत्तोपंत. पत्त्यात बघा… खालची ओळ.

चष्मा काढला… पुसला… परत लावला… आई, मामा म्हणतायत, हें तर सरकारानेंही लिहून दिलें, कल्याण, पश्चिम.

…नाही, चिडले नाहीत. खचले आहेत. पायरीवर बसले. मी पण बसतेय. पायरी तापलीय. उठतेय.

अगं, आली! श्रीरंजनी आली. हातात प्रसादाचा द्रोण आहे. मामांशी तमिळमध्ये बोलतेय… काही कळत नाहीये गं, फार भरभर… 'कल्याण' म्हणाली. 'ट्रेन' म्हणाली… मामा 'अय्यय्यो' म्हणाले. हे कळलं.

काय म्हणतेस?… खरंच?… आई, ती मराठीत सांगतेय आता. शाळेच्या सहलीला मुंबईला येताना तिची गाडी कल्याणला दीड तास उभी होती. तिनं पाटीचं चित्रही काढलं होतं वहीत. तिला म्युझियममध्येच कळलं होतं सगळं!

मग बोलली का नाहीस?… हो का… आई, म्हणते की मामा पाच तास बघणार होते, मग मीही बघितलं. इतकी माणसं टक लावून बघत होती, पण तुमच्या भावानं ईस्टबद्दल एक वाईट शब्द काढला नाही. आणि बोट वळवायला एकदाच दाखवावं लागलं, म्हणते.

…मी कशी विचारू? तूच विचार. नको, तू नको. विचारते. श्रीरंजनी, मग… म्हणजे आईला काय सांगू?

……

आहे, आहे लाइनवर. आई, ती म्हणाली, 'कल्याणास येतें.'

…नाही, प्रवासाला नाही गं! तमिळ कल्याणास आणि आपल्या कल्याणास, दोन्हीला!… रड आता. आता चालेल… अट आहे एक. रविवारी ईस्टला दादानं एकट्यानं जायचं नाही. दोघांनी जायचं. मावशीला सांग, भात जास्त लाव.

दादा पण आला बाहेर. कपाळभर भस्म, शर्टाला कुंकू. विचारतोय, कॉफी कधी. आई, हा काही कळत नसूनसुद्धा इतका सुंदर दिसतोय ना आज… नाही, त्याला सांगणार नाही मी हे.

मामा उठले. त्याच्यापुढं जाऊन उभे राहिले. खांद्यावर हात ठेवला. विचारतायत, 'मग, कल्याण?'

दादा म्हणतो, 'हो, कधीही या!'

…झालं. होकार धरला मामांनी. श्रीरंजनी द्रोण तोंडापुढं धरून हसतेय. दादाचे कान लाल झाले, का ते त्याला ठाऊक नाही. कॉफीच्या वेळी सांगते मी त्याला, बसल्यावर. उभ्या उभ्या नको.

हो, ठेवते… एक मिनिट, मामा काहीतरी देतायत. टूरच्या पत्रकाच्या पाठीमागं लिहिलंय… बाबा रेल्वेत बुकिंगला होते हे त्यांनी बायोडेटात वाचलंय. म्हणतात, तुमच्या तीर्थरूपांची तेथें ओळख असेल, एवढें काम होऊन जाऊं द्या… बाबांना पेन घ्यायला सांग. नाही, बाबा, तुम्ही बोलू नका, लिहा. वाचते:

'प्रति, माननीय स्टेशन अधीक्षक, कल्याण जंक्शन. विषय: नामफलकावर खुलासा रंगविण्याबाबत. महोदय, उपरोक्त विषयास अनुसरून विनंती कीं, आपल्या स्थानकाच्या प्रत्येक फलकावर, नांवाच्या खालीं, तमिळ लिपींत व ठळक अक्षरांत असें नमूद करावें कीं, हें केवळ गांवाचें नांव असून येथें राहणाऱ्या इसमाचें लग्न झालें आहे असें समजूं नये. पूर्वेस एक व पश्चिमेस एक, असे स्वतंत्र फलक असावेत. मधल्या पुलावरही एक असावा. सदर काम आमच्या भाचीच्या लग्नाच्या तिथीपूर्वीं पुरें करून उलट टपालीं कळवावें, ही नम्र विनंती.'