यवनांच्या देवीला बोललेला नवस

माझं नाव काशम्मा, माहेर कानडी मुलखातलं, भालकीकडचं, आन सासर देवणीजवळ. मी नांदायला आले तवा इथं बीदर जिल्हा व्हता म्हणं, मग उस्मानाबाद झाला, मग लातूर झाला. आता तुम्ही इचारता कोणत्या जिल्ह्याच्या, तर काय सांगू तुम्हाला ताई, मी चुलीपासून हालले न्हाई, जिल्हेच माझ्या दारावरून येऊन गेले.

सासरी समदे मराठी. मी कानडी बोलले की सासू म्हणायची, काय गं ते डब्यात खडे हालवल्यावानी. मग मी बी मराठी शिकले. पण धा वर्सांनी पोर झाली, नीलम्मा, एकुलती एक, तिच्याशी मी कानडीच बोलायचे, कोणी जवळ नसलं की. ती मला अव्वा म्हणायची. सांजच्याला मी इचारायचे, ऊटा आयतेनु? म्हंजी जेवलीस का. आन ती म्हणायची, इल्ला अव्वा, न्हाई जेवले, मला भरव. जेवलेली असली तरी म्हणायची लबाड.

बहात्तरचा दुष्काळ पडला. आडात पाणी न्हाई, पोर सा वर्सांची, नुसती हाडं. नणंद अर्धापूरला दिलेली, तिकडं पाटाचं पाणी, केळीचे मळे. तिला मूलबाळ न्हाई. ती आली आन म्हणली, वयनी, पाऊस पडंपर्यंत लेकरू माझ्याकडं ऱ्हाऊ द्या. मालक हाव म्हणले. मी काय म्हणणार. पोर एश्टीत बसली, मागं बघतच गेली.

मी तलावाच्या कामावर माती टाकून राहिले. एक दिवस माझ्याच टोपल्यात एक मुंडकं निघालं, भाजल्या मातीचं, एवढंसं, लिंबाएवढं. बाईचं तोंड, कुरळे केस, सरळ नाक. बाया म्हणल्या, ही तर आसरा, पाण्याची देवी, तलावात सापडली, दुसरी कोण असणार! मग आम्ही दगडाची कपार केली, हळदकुकू लावलं, भाकरीचा तुकडा ठिवला. मी नवस बोलले, आई, माझी पोर माघारी येऊ दे, तुला हिरवा खण वाहीन.

हजेरीला एक गुरुजी व्हते, शाळा बंद म्हणून त्यांना मस्टरवर घातलेलं. त्यांनी ते तोंड बघितलं आन कपाळाला हात लावला. म्हणले, बायांनो, ही आसरा न्हाई बहुतेक, यवनाची बाई दिसती. हजारो वर्सांमागं ते दर्यापल्याडचे लोक आपल्या तेर गावाला यायचे, आपलं कापड न्यायला. मी म्हनलं, आत्ता गं बया, म्हंजी मी परक्याच्या देवीला नवस बोलले व्हय? पाप लागंल का ओ? ते म्हणले, देवीच हाय का भावली तेबी मला ठाव न्हाई.

मग म्या रोज पिच्छा पुरवला, कोण ते लोक, आता हायत का मेले. गुरुजी सांगायचे आन मी टोपलं भरायचे. ग्रीक त्यांना दुसऱ्यांनी म्हनलं, आपण यवन म्हनलं, ते स्वताला तिसरंच कायतरी म्हणायचे. रोमच्या राज्यात गेले तर हजार वर्सं स्वताला रोमी म्हणून घेतलं. मग तुर्काचं राज्य, चारशे वर्सं. मग सुटले, जुनं नाव परत घेतलं. पुढं तुर्काच्या मुलखातल्या त्यांच्याच लोकांना उचलून त्यांच्याच देशात नेऊन घातलं, तर तिथले म्हणले, तुम्ही कोण, तुम्ही तर तुर्क. मी म्हनलं, अग आई, मग ते ते हायत हे कळायचं कशावरून? गुरुजी म्हणले, बोलीवरून बाई. बहुतेकांनी घरात बोली सोडली न्हाई. बोली गेली की माणूस गेला.

आन एक गोष्ट सांगितली, ती सांगायलाच नको व्हती. त्यांची एक धान्याची देवी, तिची पोर पाताळात नेली. आई शोधत फिरली, पिकायचं थांबलं, दुष्काळ पडला. शेवटी पोर सापडली, पण पोरीनं तिथले डाळिंबाचे दाणे खाल्ले व्हते. तिथलं खाल्लं की तिथलं व्हावं लागतं. म्हणून दर साली थोडे महिने तिला तिकडंच जावं लागतं.

माझ्या हातातलं टोपलंच सुटलं. त्याच आठवड्यात नणंदेचं कार्ड आलं, गुरुजींनीच वाचलं. लेकरू खुशाल, केळी खाऊन बाळसं धरलं, शाळेत नंदा नाव घातलं, मला माय म्हणती, आता हितंच ऱ्हाऊ द्या. केळी खाती, ताई! मला तर डाळिंबच दिसून राहिलं. मालकाला न सांगता मी काम टाकलं आन निघाले, उदगीर, नांदेड, अर्धापूर.

पोर अंगणात बसलेली, गालावर मांस, हातात केळाचं साल. मी म्हनलं, नीले. वळली न्हाई. नणंद म्हणली, नंदा, कोण आलंय बघ, मामी आली. मामी! पोरीनं माझ्याकडं बघितलं, पाव्हण्याकडं बघावं तसं. बोलायला दुसरं काय सुचंना, तोंडातून तेच निघालं, ऊटा आयतेनु? हातातलं साल तिनं खाली टाकलं, त्वांड वाकडं झालं, आन म्हणली, इल्ला अव्वा.

पोटभर खाल्लेली, ताई, आन म्हणती न्हाई जेवले. मी तिला कडंवर घेतलं ते एश्टीतच खाली ठिवलं. नणंद फाटकापोतर रडत आली. तिचं बी काय चुकलं.

पण खाल्लेल्या केळीनं शेवटी ओढलंच. नीलीला तिकडंच दिली, नणंदेनंच स्थळ आणलं. दिवाळीला आन पंचमीला येती, चार दिवस.

आन नवस ऱ्हायला तो ऱ्हायलाच. ते मुंडकं कामावरच्या साहेबानं कापसात गुंडाळून उस्मानाबादला नेलं, मग आमचा जिल्हा लातूर झाला. लातूरला इचारलं तर म्हणले तिकडं बघा, तिकडं म्हणले कोणती बाई, कसलं मुंडकं. कुठं फेडू सांगा. नातीचं अंग जरा तापलं की माझ्या जिवाला घोर, वाटतं ती देवीच खण मागून राहिली.

रोज फोनवर नातीला इचारते, ऊटा आयतेनु? तिला एवढंच कानडी कळतं. ती म्हणती, हाव आजी, जेवले. मराठीत म्हणती. आधी लई लागायचं मनाला, गुरुजीचं बोलणं आठवायचं. आता म्हणते, जेवली न्हवं, बास. शिवा, लेकरू भरल्या पोटानं ठेव, आन ती बाई जिथं कुठं असंल तिथं तिला सांग, हिरवा खण टरंकेत तसाच हाय, काशम्मा इसरली न्हाई.