तोंडागणिक मजुरी

—अहो फादर, हात खाली घेऊ नका, काखेचं माप चुकतं. हरकत म्हणालो मी, हरकत. बरोबर ऐकलंत. काळूच्या लग्नाला माझी हरकत आहे. आता असं बघू नका — तुम्हीच विचारलंत ना? दोन रविवार झाले, वेदीपुढं उभं राहून सगळ्यांना वाचून दाखवताय — काळू, राहणार नाशिकरोड, आणि फिलोमिना, राहणार इगतपुरी, यांचं लग्न ठरलंय, कुणाला काही अडचण ठाऊक असेल तर कळवावी. उद्या तिसरा रविवार. उद्या कुणी बोललं नाही की संपलं. तर मी, लाजरस टेलर, कळवतो आहे. सगळ्यांसमोर उभं राहून नाही कळवणार, मला तिथं पहिल्या बाकावर बसायचं असतं — तुम्ही आज झग्याचं माप द्यायला आलातच, तिघं कारागीर कॅम्पात वर्द्या पोचवायला गेलेत, म्हणलं सांगून टाकावं. तर लिहून घ्या, लाजरस टेलरची हरकत आहे. कारण? कारण मागाहून लिहू की. जागा सोडून ठेवा.

बरं, कारण पाहिजेच म्हणता. मग हे घ्या. काळू अनाथ. मोठ्या दुष्काळात मिशनच्या पायरीवर सापडलेलं पोर, आईबाप कोण, ठाऊक नाही. मग उद्या ही मुलगी त्याची चुलत बहीण निघाली तर? — हसताय काय, फादर, जवळच्या नात्यात लग्न चालत नाही हे तुमचंच शास्त्र. हो, बाप मंगळूरकडचा आहे तिचा. रेल्वेत फायरमन. आई? आईही तिकडचीच. म्हणजे... हां. तितक्या लांबून पायरीवर पोर ठेवायला कोण येणार! मान्य. ते कारण राहू द्या, दुसरं देतो. मान वर करा.

तुम्ही नवे, तुम्हाला मागची गोष्ट ठाऊक नाही, म्हणून तुमचं मन माझ्याकडं वळत नाही. तो भिंतीवरचा माझ्या सहीचा कागद बघा. येशूच्या पवित्र हृदयाच्या तसबिरीशेजारी, चौकटीत. त्या कागदानं माझा घात केला. तुमच्या आधीचे थोरले फादर — परदेशी माणूस, पण मराठी असं बोलायचे की पंचवटीतल्या भटजींनी ऐकत राहावं — त्यांच्याकडं रोमहून पोपसाहेबांचं पत्र आलं. एकतीस साली लिहिलेलं, नाशिकरोडला पोचायला वर्ष गेलं. मला वाटलं, उपासाबिपासाचं असेल. कसलं काय! सगळं मालक आणि मजूर. तीन रविवार वाचत होते. पहिल्या रविवारी म्हणाले, मालमत्ता ज्याची त्याची, ती हिसकावणं पाप — मला इतकं बरं वाटलं की घरी जाताना जिलबी घेतली. दुसऱ्या रविवारी म्हणाले, पण मजुरी म्हणजे वांगी नव्हेत. वांगी जास्त आली की भाव उतरतो, ठीक आहे. माणसं जास्त झाली म्हणून माणसाचा भाव उतरवायचा नाही. त्याच्या घरी बायको आहे, पोरं आहेत, त्या सगळ्यांचं पोट त्याच्या मजुरीत भरलं पाहिजे. तिसऱ्या रविवारी म्हणाले, धंदाच बुडेल इतकी मजुरीही मागू नये. हे वाक्य फादरांनी भरभर वाचलं, पण मी ऐकलं. नंतर दोनदा विचारून खात्रीही केली.

मी भांडलो त्यांच्याशी. नाही असं नाही. म्हणलं, फादर, समोर रहेमान टेलर बसलाय. नगावर पैसे देतो — कोटाला इतके, विजारीला इतके. शिवणाऱ्याला बायको आहे का नाही, तो विचारत नाही. कॅम्पातला गोरा साहेब कोट अंगात घालतो तेव्हा शिवणाऱ्याची पोरं मोजतो का? बाजाराला शिलाई दिसते, पोरं दिसत नाहीत. तर फादर म्हणाले, म्हणूनच तर देवानं तुला डोळे दिलेत. मी चष्मा पुसत बसलो.

मग एका रविवारी मिस्सा संपल्यावर त्यांनी आम्हा सगळ्या मालकांना थांबवलं. बेकरीवाला होता, लाकडाच्या वखारीवाला होता, दोन ठेकेदार होते. पोपसाहेबांचं ऐकून पहिलं पाऊल कोण टाकतो? — बेकरीवाला छताकडं बघतोय, वखारवाला बुटाची नाडी बांधतोय, सुटलेली नसताना. आणि मी उठलो! म्हणलं, मी देतो. घरात खाणारी तोंडं जितकी, तितकी मजुरी. एकट्याला महिना बारा रुपये, बायको आली की चार वाढले, पोरामागं दोन. कागद करा, सही करतो. थोरल्या फादरांच्या डोळ्यांत पाणी आलं. तेव्हापासून पहिला बाक माझा.

आता इथं कुणी नाही म्हणून सांगतो. माझे कारागीर तिघं. यादव — बावन्न वर्षांचा विधुर, मूलबाळ नाही. इनायत — लग्नाचा विषय काढला की मशीन जोरात चालवायचा, ऐकू येऊ नये म्हणून. आणि काळू. तिघांची मिळून तोंडं किती? तीनच! म्हणजे पोपसाहेबांची आज्ञा पाळली आणि खिशातून दिडकी गेली नाही. असा पुण्याचा सौदा उभ्या नाशकात कुणाला जमलाय? — पाप? यात पाप कसलं, फादर? बरं, टीचभर असेल. ते कबुलीच्या वेळी बघू. आज नुसतं माप आहे.

पण बाजार कुठला गप्प बसतो! मी मजुरीचा बाजार बंद केला, तर लग्नाचा सुरू झाला. मुलींचे बाप यायला लागले. दुकानात येतात, कापड बघत नाहीत, कागद वाचतात. ज्याला वाचता येत नाही तो मला वाचायला लावतो. ‘म्हणजे लग्न केलं की मजुरी वाढते?’ हो. ‘मूल झालं की आणखी?’ हो. ‘मालक फिरणार तर नाही ना?’ अहो नाही, सही आहे माझी! — म्हणजे माझ्याच कारागिरांची मीच जाहिरात करतोय, स्वतःच्या तोंडानं! आणि हा इनायत, लाजरा, त्यानं कुणाशी निकाह लावावा? नूरबानोशी. भद्रकालीतली विधवा, भली बाई, माझं काही म्हणणं नाही — पण चार पोरं, फादर! एका शुक्रवारात पाच तोंडं! मी धावत थोरल्या फादरांकडं. म्हणलं, पहिल्या नवऱ्याची पोरं धरायची का? ते म्हणाले, लाजरस, ती भाकरी खातात का? म्हणलं, खूप खातात. म्हणाले, मग धर.

त्यानंतर मात्र मी सावध झालो. यादवचं सायखेड्याच्या रंगूबाईशी बोलणं चाललंय असं कळल्याबरोबर तिच्या भावाला बाजारात गाठलं आणि कानात सांगितलं, यादवला रातांधळेपणा आहे. — खोटं? थोडं खोटं. दिवे लागल्यावर त्याला सुईत दोरा ओवता येत नाही. मलाही येत नाही. भावानं जाऊन बहिणीला सांगितलं. तर ती बाई काय म्हणावी? म्हणाली, पहिला नवरा अंधार पडला की तमाशाला पळायचा, हा तरी घरी बसेल. पुढच्याच महिन्यात पाट लागला! वर यादव पेढे घेऊन आला, माझ्याच पाया पडला — म्हणाला, मास्तर, तुम्ही शब्द टाकलात म्हणून जमलं.

राहता राहिला काळू. बारा वर्षांचा असताना मिशनमधून माझ्याकडं आला, आज चौतीस वर्षांचा आहे. कापड माझ्यापेक्षा चांगलं बेततो — हे त्याला सांगू नका, मी कधी सांगितलेलं नाही. याची मला खात्री होती, फादर. हा कुठं जात नाही, म्हणलं. तर मागं इगतपुरीला रेल्वेच्या लोकांची मापं घ्यायला पाठवला आणि हा स्वतःचं लग्न ठरवून आला. मग मीही गेलो इगतपुरीला. हो, गेलो की, लपवायचं काय. सगळी तयारी करून गेलो — काळू हट्टी आहे, झोपेत बडबडतो, पाय ओढत चालतो. फायरमननं चहा दिला, म्हणाला, मास्तर, खरं सांगा, माणूस कसा आहे? आणि माझी जीभच फिरली हो. बावीस वर्षांत त्यानं मला उलट उत्तर दिलं नाही, हे तोंडातून निघालं. माझी बायको गेली तेव्हा महिनाभर माझ्या उंबऱ्याशी झोपला, मी उठून कुठं जाऊ नये म्हणून — हे निघालं. मी रडलोबिडलो नाही, चहा गरम होता. फायरमन म्हणाला, मास्तर, आता विचारायचं काही उरलं नाही. मोडायला गेलो आणि पक्कं करून आलो! गाडीभाडं गेलं ते वेगळंच.

काय म्हणालात? कागद फाडून टाकू? रहेमानसारखं नगावर देऊ, म्हणजे हरकत नाही राहणार? वा फादर! पहिल्या बाकावरचा माणूस कागद फाडेल? आणि इनायतच्या पोरांनी काय खायचं, बटणं? ती धाकटी आता मला नाना म्हणते. शिवाय काळूसारखा हात असल्यावर चार रुपये म्हणजे काय, चार रुपयांचं नाहीच हो हे—

मग कशाचं? कशाचं म्हणजे... चार रुपयांचंच. चार रुपये थोडे का? मंदी आहे.

तसं नाही. आमच्याकडं चाल होती, फादर. दिवे लागले की मशीन बंद, आणि सगळे मागच्या खोलीत जेवायला. बायको होती तेव्हापासून. यादव आपली भाकरी बांधून आणायचा, पण बसायचा आमच्यातच. आता इनायत सहा वाजले की घरी पळतो. पळणारच, पोरं वाट बघतात. यादवही पळतो. राहिलो मी आणि काळू. तो भाकऱ्या थापतो, मी कालवण करतो, मीठ कमी पडलं की भांडतो. आता हाही जाईल. मग एकट्या माणसानं पीठ किती घ्यायचं, सांगता? मूठभर घेतलं तर भाकरी होत नाही, दोन मुठी घेतलं तर उरते. पोपसाहेबांनी मजुराची तोंडं मोजली, चांगलं केलं. पण मालकाला एकच तोंड असलं तर त्यानं संध्याकाळी बोलायचं कुणाशी? तीन रविवार ऐकलं मी ते पत्र. हे त्यात नाही.

...जाऊ द्या. कुठून कुठं गेलो. पाठ सरळ ठेवा.

हे काय, चिठ्ठी? काळूनं दिलीय? अक्षर तर तुमचं — हां, त्यानं सांगितलं, तुम्ही लिहिलंत. त्याला सहीपुरतंच येतं. लग्नानंतरच्या मजुरीचं? बघा, बघा! लग्न व्हायचंय अजून आणि हा तोंडं मोजायला बसला! द्या इकडं. काळू — एक. फिलोमिना — दोन. आणि खाली काय... घरात खाणारी तोंडं, तीन. तीन? तीन कुठून आली? अजून लग्न— फादर! अहो फादर, ही तर खरीच हरकत निघाली की! लग्नाआधीच तिसरं — येशू, मारिया, जोसेफ! — आणि या माणसाची मी इगतपुरीला जाऊन ग्वाही देऊन आलो! तुम्ही स्वतःच्या हातानं लिहिलंत हे, आणि हसताय? काय? तिसऱ्याचं नाव आहे? जन्मायच्या आधी नावही ठेवलं? कुठं आहे? ते बारीक होय... थांबा, दाराशी उजेडाला धरतो.

लाजरस मास्तर.

...

वय साठ. साठ कुणी सांगितलं त्याला? सत्तावन्न आहे मला. — आणि हे बघा, म्हणजे माझ्या जेवणाचे पैसे मीच त्याला द्यायचे, आणि तो मला जेवायला घालणार. बघितलात सौदा? कागदात बायकोचे चार आहेत, पोराचे दोन. बापाचे किती, ते लिहायचं राहिलंच की आमचं.

नाही, काही नाही. डोळ्यात धागा गेला. उद्या तिसऱ्यांदा वाचाल तेव्हा जरा मोठ्यानं वाचा, मागच्या बाकांवर ऐकू जात नाही. आणि हरकतीचं कुणाजवळ बोलू नका. झालं तुमचं माप. नाही, दंडाचं माप नाही घ्यायचं, अंदाजानं करतो. जा आता तुम्ही, फादर. जा म्हणतो ना.